फुटतुटीची वही

मी एक जुनी वही आहे, रसायनशास्त्राच्या प्रयोगशाळेतली. माझ्या पुठ्ठ्यावर ‘फुटतूट’ एवढाच शब्द लिहिलेला आहे. त्यामुळे मला हातात घेताना कुणाचा चेहरा हसरा असल्याचे मला आठवत नाही.

मित्रांनो, माझा जन्म एका बाइंडरच्या दुकानात झाला. चारशे पाने, जाड दोरा, कापडी पाठ. माझ्याबरोबरच्या वह्या हजेरीसाठी गेल्या, निकालासाठी गेल्या. माझ्या नशिबी काचा आल्या. एका महाविद्यालयाने मला आणले आणि माझ्यात पाच रकाने आखले: तारीख, विद्यार्थी, काय फुटले, कसे फुटले आणि ‘समक्ष’. या शेवटच्या रकान्यात सही करायच्या त्या मावशी.

मावशी म्हणजे प्रयोगशाळेच्या मदतनीस. सकाळी दार उघडणे, परीक्षानळ्या धुणे, बाटल्यांवर चिठ्ठ्या लावणे, ब्युरेट कुणाला नीट लावता येत नसेल तर लावून देणे, हे सारे त्याच करत. मुले ‘कसे फुटले’ या रकान्यात बेधडक ‘आपोआप’ लिहीत. मावशी ते वाचून म्हणायच्या, “काच आपोआप फुटत नाही रे बाळा. हात कुणाचा होता ते लिही.” मुलगा निमूटपणे पुन्हा लिही आणि मावशी खाली आपली तिरकी सही करत.

तिथल्या प्रत्येक बाकावर, प्रत्येक कपाटावर रंगाने क्रमांक घातलेला होता. पंख्यालाही होता. मावशींची मात्र कशातच कायमची नोंद नव्हती. त्या रोजंदारीवर होत्या. दर तीन महिन्यांनी कार्यालयातले मोठे कारकून दारात येऊन सांगत, “मावशी, उद्या-परवा यायचं नाही. खंड आहे.” म्हणजे दोन दिवस हजेरीत रेघ मारायची आणि तिसऱ्या दिवशी त्यांना नव्याने कामावर घेतल्याचे दाखवायचे. सलग काम झाले की माणूस हक्क सांगतो, तो सांगता येऊ नये म्हणून ही युक्ती.

पण मुलांचे प्रयोग काही खंड पाळत नसत. सकाळचे दहा वाजले की प्रयोगशाळेच्या सरांची तारांबळ उडायची. मावशी मागच्याच गल्लीत राहायच्या. सर निरोप धाडत, “जरा येऊन जा. हजेरीवर सही नको, तेवढं काम उरका.” मावशी येत आणि संध्याकाळपर्यंत राबत. काच तर त्याही दिवशी फुटायचीच.

अशी अकरा वर्षे गेली. मग संगणक आला आणि मी खालच्या फळीवर, गळक्या बाटलीशेजारी जाऊन पडले. माझा एक कोपरा आम्लाने खाल्ला. कुणी माझ्याकडे ढुंकूनही पाहिले नाही. मला वाईट वाटले, उगाच कशाला खोटे बोलू?

काही आठवड्यांतच मावशींना सांगण्यात आले, “पुढच्या महिन्यापासून ठेकेदाराची माणसं येतील. तुमची गरज नाही.” मावशी त्या दिवशी एकही नळी न धुता स्टुलावर बसून राहिल्या. घरात कमावणाऱ्या त्या एकट्याच होत्या. दुसऱ्या दिवशी त्यांनी कामगार अधिकाऱ्यांकडे अर्ज केला.

अधिकारी बाई चौकशीला थेट प्रयोगशाळेतच आल्या. कारकुनांनी हजेरीपट पुढे सरकवला. अकरा वर्षांत चव्वेचाळीस खंड!

“यांची नोकरी सलग नाहीच,” ते म्हणाले.

“आले होते मी. दर खंडाला आले होते,” मावशी म्हणाल्या.

“पुरावा आहे?”

मावशींनी खालच्या फळीकडे पाहिले. मग एकदम म्हणाल्या, “बाई, काचा फुटल्या होत्या त्या दिवशी!”

आणि मित्रांनो, त्यांनी मला खालच्या फळीवरून ओढून काढले, पदराने पुसले आणि टेबलावर ठेवले. बाईंनी एकेक तारीख ताडून पाहिली. चव्वेचाळीसपैकी एकोणचाळीस खंडांत माझ्या पानावर मावशींची सही निघाली. कारकुनांचा चेहरा पडला, तरी त्यांनी नेट धरला. “आणि उरलेले पाच?”

“त्या पाच वेळी पोरांनी काही फोडलंच नाही, त्याला मी काय करू?” मावशी म्हणाल्या.

बाईंना हसू आवरेना. त्यांनी सरांकडे पाहिले. सर इतका वेळ खिडकीबाहेर बघत होते. ते हळूच म्हणाले, “पाचही वेळा मावशीच होत्या. मीच बोलावलं होतं. हे मी आधीच सांगायला हवं होतं.”

फुटलेल्या काचांनी मावशींची नोकरी अखंड ठरवली. दोन महिन्यांनी त्यांना कायम केल्याचे पत्र आले. ते वाचताना त्या रडल्या आणि मला फार अभिमान वाटला. आता मी वरच्या फळीवर, कोरड्या जागी असते.

मित्रांनो, जुनी वही रद्दीत घालण्याआधी एकदा चाळून पाहा. तिच्यात कुणाची तरी वर्षे असतात. आणि तुमच्या वर्गाचे दार रोज उघडणाऱ्या माणसाचे नाव हजेरीत आहे का, हे विचारायला लाजू नका.

परवा मावशींनी पहिली हक्काची रजा घेतली आणि त्या बहिणीकडे गेल्या. दहा वाजता सर कार्यालयात डोकावले. “मावशींना जरा बोलावता का?”

मोठ्या कारकुनांनी मानही वर केली नाही. “त्या रजेवर आहेत. बोलावता येणार नाही.”

सर परत आले, त्यांनी बाह्या दुमडल्या आणि नळ सोडून परीक्षानळ्या धुवायला घेतल्या.