त्याच विहिरीचं पाणी

मित्रांनो, सोसायटीच्या खोलीत खुंटीला टांगलेला हा जुना पखवाज मीच. माझ्या चामड्याच्या वाद्यांमध्ये आता कोळी राहतो. एके काळी मात्र नारायणगडाच्या जत्रेला आलेली माणसं वाट वाकडी करून मला बघायला पाझरवाडीला यायची. म्हाताऱ्याला एवढी बढाई माफ असावी.

पाझरवाडी म्हणजे लिंबागणेशच्या पलीकडे डोंगराच्या कुशीतलं आमचं गाव. तिथल्या गावविहिरीच्या कपारीत एक शिसवीचं झाड होतं. ते वादळात पडलं आणि त्याचं खोड बीडच्या फकीर मिस्त्रींकडे गेलं. त्यांनी ते कोरलं, चामडं चढवलं, वाद्या ताणल्या. पखवाजाच्या डाव्या तोंडाला वाजवण्याआधी गव्हाची ओली कणीक लावतात, नाहीतर त्याला घुमारा येत नाही. मिस्त्रींनी आपल्या अंगणातल्या आडाच्या पाण्यात कणीक मळली, मला लावली आणि थाप मारली. बघतात तो आडाचं पाणी काठापर्यंत चढलेलं. माझी जादू ती एवढीच. ज्या विहिरीच्या पाण्यात कणीक भिजते, त्याच विहिरीचे झरे माझ्या बोलांनी मोकळे होतात, दुसरीचे नाहीत. हा नियम मी केलेला नाही, मी घडलोच तसा.

मी गावात परत आलो, तिथे मला वाजवणारं घराणं एकच. त्यातला शेवटचा आसाराम. उन्हाळ्यात विहीर खाली गेली की तो काठावर मांडी घालून बसायचा, विहिरीच्या पाण्यात कणीक मळायचा आणि मला मांडीपाशी ओढून घ्यायचा. बायका घागरी घेऊन उभ्या असायच्या. पाणी पायरी पायरी वर यायचं. मग तो कणीक खरवडून गाईला घालायचा आणि मला मऊ फडक्याने पुसायचा. काय ते लाड होते माझे.

मग गावात शेतकऱ्यांची सहकारी सोसायटी आली. मी सोसायटीला नावं ठेवत नाही. एकेकट्याला जे जमलं नसतं ते सगळ्यांनी मिळून केलं. मोटर बसवली, पाइप टाकले, ऊस लावला. पोरांच्या पायात चपला आल्या. पण मोटरीला काही पोट भरलं म्हणून थांबायचं माहीत नसतं. मला उन्हाळ्यातून एकदा वाजवायचे, ते आता दर महिन्याला वाजवू लागले, आणि वर आलेलं पाणी मोटर लगेच उपसून टाकायची.

आसाराम घाबरला. "अध्यक्ष, एखाद्या साली इहीर पार कोरडी पडली, तर कणीक कशात मळू?"

अध्यक्ष सुंदरराव समजूतदार माणूस. त्यांनी विहिरीचं पाणी एका तांब्यात भरून, वर नारळ ठेवून तो माझ्या खुंटीखालच्या कोनाड्यात मांडला. खोली झाडणाऱ्या छबुबाईला ते म्हणाले, "ह्यो तांब्या रिता हू द्यायचा न्हाई."

"न्हाई हू देत," छबुबाई म्हणाली. कशासाठी ते तिला कोणी सांगितलं नाही. तिनेही विचारलं नाही. अध्यक्षांना का म्हणून विचारायची गावात कोणाची रीत नव्हती.

उन्हाने तांब्यातलं पाणी आटायचं. छबुबाई विहिरीवरून आणून त्यात भर घालायची. तोवर सगळं ठीक होतं.

पुढे पावसाने सलग काही वर्षं पाठ फिरवली. ऊस वाळला, विहिरीच्या तळाला भेगा पडल्या. तलवाड्याकडच्या एका विहिरीवर भरलेला टँकर गावात येऊ लागला. त्याच दिवसांत तांब्यात घोटभर पाणी उरलं. छबुबाईने ते तुळशीला घातलं, तांब्या चिंचेने घासून लख्ख केला आणि आपल्या वाटणीचं टँकरचं पाणी त्यात भरलं. त्या दिवशी तिच्या घरी डाळ शिजली नसेल. मी वरून सगळं बघत होतो. पण मित्रांनो, वाजवल्याशिवाय मला आवाज नसतो.

शेवटचा उपाय म्हणून राखलेला तांब्या घेऊन काही दिवसांनी गाव विहिरीवर जमलं. पाणी आलं नाही तर घराला कुलूप लावून, कोयता घेऊन, लेकरांसकट ऊसतोडीला जायचं, असं ठरलं होतं. आसारामने तांब्यातल्या पाण्यात कणीक मळली. अंगाला लागताच मला ते परकं पाणी कळलं. तो तळवे सोलवटेपर्यंत वाजवत राहिला. मी इतका गोड कधीच बोललो नव्हतो. सगळे वाकून विहिरीत बघत होते. आत धूळच होती.

"पखवाज मेला बे," बंकट नावाचा तरणा गडी म्हणाला. मला ते फार लागलं.

दुसऱ्या दिवशी टँकर घेऊन कासम आला. नळी सोडता सोडता तो आसारामला म्हणाला, "काल आमच्याकडं लई अजब झालं, मामू. टँकर भरायची इहीर काठावरून वाहायला लागली. मालकाच्या उसात गुडघाभर पानी. पाऊस न्हाई का काही न्हाई."

 आसारामने घागर घेऊन उभ्या असलेल्या छबुबाईला विचारलं, "तांब्यात कोन्चं पानी हुतं?"

"टँकरचं," ती म्हणाली. "रिता हू द्यायचा न्हाई म्हन्ले हुते ना अध्यक्ष."

सुंदरराव तिथेच होते. त्यांनी मान खाली घातली. तिच्यावर कोणी रागावलं नाही. कशाला होतं ते पाणी, हे आसारामने तिला तेव्हा सांगितलं.

गाव गेलं. आसारामही गेला. जाताना त्याने मला खुंटीला टांगलं, पण कणीक खरवडायची राहिली. ती वाळून दगड झाली आहे आणि तिच्याखाली चामडं तडकलं आहे. आता विहिरीत पाणी आलं तरी मी बोलेन असं मला वाटत नाही. मित्रांनो, पाणी असतं तेव्हाच त्यातलं ओंजळभर बाजूला ठेवा. आणि ज्याला ते सांभाळायला द्याल, त्याला ते कशासाठी आहे तेही सांगा.

मागे राहिलेल्या म्हाताऱ्यांत छबुबाई आहे. रोज सकाळी ती कोनाड्यातला तांब्या घेते, दोराला बांधते आणि विहिरीत सोडते. तो तळच्या दगडावर वाजतो, ते मला इथे ऐकू येतं. गावात आता तेवढंच वाजतं.