दादाच्या कमरेला पट्टा

भिंगरी जाळीत पाठीवर पडली, दोनदा उसळली, आणि श्वास परत आल्याबरोबर वर बघून ओरडली, "माझं चुकलं!"

हे तिने म्हणायलाच हवं होतं. झोक्यावरच्या माणसांचा हा जुना नियम. झोका सोडून हवेत कोलांट्या घेणारी पडली, तर चूक तिची. समोरच्या झोक्यावर उलटं लटकून तिला झेलणाऱ्याची चूक नसते. असली तरी नसते! त्याच्या हातांवर एकदा का शंका आली, की उडणारीची बोटं झोका सोडायला तयार होत नाहीत. म्हणून पडायचं, उसळायचं, माझं चुकलं म्हणायचं आणि पुन्हा शिडी चढायला लागायचं. गेल्या दोन वर्षांत भिंगरीने हे इतक्यांदा म्हटलं होतं की सर्कशीत पोपट असता तर त्याला पाठ झालं असतं.

तिला सगळे भिंगरीच म्हणत. झेलणारा तिचा सख्खा मोठा भाऊ, तिचा दादा आणि म्हणून सगळ्या तंबूचा दादा. बहीण एकोणचाळीसची, भाऊ पन्नाशीला टेकलेला. अकरा वर्षं भिंगरी हवेत तीन कोलांट्या घेऊन दादाच्या हातात जायची, आणि खाली बसलेली माणसं खुर्चीचे हात घट्ट धरून बघायची. मग दोन वर्षांपूर्वी तिसरी कोलांटी रुसली ती रुसलीच. दोन व्हायच्या, तिसरी अर्धी राहायची, आणि बाई जाळीत.

शेवटी मॅनेजरने तिला बोलावून घेतलं. तसा माणूस वाईट नव्हता, बोलताना स्वतःच्या बुटांकडे बघत होता.

"बाई, शनिवारी नवा खेळ सुरू होतोय. पहिल्याच खेळात तिसरी झाली तर झोका तुमचा. नाहीतर सोमवारपासून वर ते नवे दोघं, आणि तुम्ही कपडेपट सांभाळा."

कपडेपट! म्हणजे आयुष्यभर हवेत राहिलेल्या बाईने आता दुसऱ्यांच्या चड्ड्यांना टिकल्या शिवायच्या. भिंगरी बाहेर आली आणि पाण्याच्या टाकीमागे जाऊन चांगली दहा मिनिटं रडली.

मंगळवारी दादाची मुलगी आली. खेळाडूंच्या शरीराचं शास्त्र शिकलेली पोरगी, काखेत लॅपटॉप, पिशवीत एक काळा पट्टा. पट्ट्यात काड्यापेटीएवढं यंत्र होतं. तो कमरेला बांधला की माणूस कधी हलला, किती वेगात गेला, झोका नेमका कधी सोडला, सगळं पडद्यावर उमटायचं.

"तीस वर्षं आम्ही काय डबड्याला विचारून उडलो?" दादाने नाक मुरडलं.

"बाबा, तू गप्प बस आणि लटक," पोरगी म्हणाली.

पट्टा एकच होता. तो भिंगरीच्या कमरेला गेला, आणि यात कुणालाच काही वावगं वाटलं नाही. चूक जिची, पट्टा तिला.

संध्याकाळपर्यंत पोरीने निकाल सांगितला. "आत्या, तू झोका उशिरा सोडतेस. सेकंदाच्या दहाव्या भागाने."

"अगं, एवढ्याशाने काय होतंय?"

"एवढ्याशात झोका वर जायचा थांबून खाली यायला लागतो. तुझी उंची गेली, मग तिसऱ्या कोलांटीला जागा कुठून येणार?"

तिने आत्याच्या कानात मण्याएवढं यंत्र बसवलं. सोडायची वेळ झाली की ते 'टिक' करणार. मंगळवार गेला, बुधवार गेला. टिक व्हायची आणि भिंगरी झोक्याला चिकटलेलीच.

"आत्या, ऐकू येतंय ना?"

"मला येतंय गं! बोटांना येत नाही त्याचं काय करू?"

गुरुवारी सकाळी तिने दात-ओठ खाल्ले. समोरून दादाने निघायची नेहमीची हाक दिली, तिने उंचावरच्या पाटावरून झेप घेतली, झोका वर गेला, टिक, आणि तिने बोटं उघडली. एक. दोन. तीन! पुरी झाली! दोन वर्षांनी पुरी तिसरी! तिने हात पसरले, आणि समोर दादाचे हात नव्हते. दादा येत होता, पण अजून पोचला नव्हता. वीतभर अंतर राहिलं होतं.

जाळी, उसळी, आणि सवयीने तोंडातून निघालं, "माझं चुकलं!"

इतक्या वर्षांत पहिल्यांदा ते शब्द तिला खोटे लागले.

"आत्या!" पोरगी खुर्चीवरून उठून नाचायलाच लागली. "एकदम वेळेवर सोडलंस! तसूभर इकडेतिकडे नाही!"

"मग मी पडले कशाला?"

पोरीचं नाचणं थांबलं. तिने पडद्याकडे पाहिलं, वर बापाकडे पाहिलं, आणि तोंड मिटून घेतलं. सर्कशीतच वाढलेली ती, नियम तिलाही ठाऊक होता.

भिंगरीने कमरेचा पट्टा सोडला. तिचा आवाज तंबूभर गेला. "हा दादाला बांध."

दोर धरणारी दोन्ही माणसं एकदम जमिनीकडे बघायला लागली. दादा शिडी उतरून आला. चेहरा लालबुंद.

"काय म्हणालीस?"

"दादा, माझं नाही चुकलं."

"तुला पहिल्यांदा झोक्यावर बसवलं ते मी! इतक्या वर्षांत कधी हातातून सोडली तुला?"

"कधीच नाही. म्हणून तर तोंडावर सांगतेय. दुसरं कुणी असतं तर गुपचूप कपडेपटात गेले असते."

दादाने तिच्या हातातून पट्टा ओढून घेतला, पोट आत घेतलं, तरी पट्टा शेवटच्याच भोकात बसला, आणि तो शिडी चढला. दहा झोके घेऊन खाली आला.

पोरीने आत्याच्या जुन्या, जमलेल्या उडीची चित्रफीत लॅपटॉपवर लावली, शेजारी बापाच्या आजच्या झोक्याची रेषा. "बाबा, दोर तेच आहेत. पण तुझा झोका हळू झालाय. आणि हे बघ, तू पूर्वीपेक्षा खाली लटकतोस. वीतभर."

दादा बाकावर बसला. पँट वर करून सुजलेला गुडघा दाखवला. "दोन वर्षं दुखतोय. म्हणून झोक्याची दांडी गुडघ्याच्या खोबणीत घेतच नाही, पोटरीवर घेतो. म्हटलं, वीतभराने काय फरक पडतो?"

"खाली लटकलं की झोका लांबतो, आणि लांब झोका सावकाश येतो. तू हाक मात्र जुन्याच हिशोबाने देतोस. म्हणून आत्या बिचारी दोन वर्षं झोका धरून तुझी वाट बघतेय."

तरीच बोटं ऐकत नव्हती. भिंगरीने स्वतःच्या बोटांकडे पाहिलं आणि तिला त्यांची मायाच आली. तिला न विचारता ती भावाला सांभाळून घेत होती.

"सांगितलं असतं तर मला खाली बसवलं असतं," दादा हळूच म्हणाला.

"आणि न सांगता मला बसवत होते!" भिंगरी कडाडली. मग तिने सुजलेल्या गुडघ्यावर हात ठेवला आणि दोरवाल्यांना हाक मारली. "अहो, बघत काय बसलात? दोर आखडून दादाचा झोका वीतभर वर घ्या!"

एवढंच काम. अर्ध्या तासात झालं.

पण दोन वर्षांची सवय अर्ध्या तासात जाते थोडीच! शुक्रवारी भिंगरी पाच वेळा पडली. दादा वेळेवर पोचायचा, हिची बोटंच आता उगाच वाट बघत बसायची. पाचही वेळा ती म्हणाली, "माझं चुकलं," आणि पाचही वेळा खरंच तिचं चुकलं होतं. दादाला हसू आवरेना.

शनिवारी दुपारी तंबू खच्चून भरला. मॅनेजर पडद्याच्या कडेला उभा, नजर बुटांवर. पोरगी लॅपटॉप मांडीवर घेऊन नखं खात होती. भिंगरी पाटावर उभी राहिली, तळहातांना पांढरी पूड लावली, आणि मनातल्या मनात बोटांना म्हणाली, बायांनो, तो आलाय, आता सोडा.

दादाची हाक आली. तिने झेप घेतली. झोका वर, वर, अगदी वर. टिक आधी झाली की बोटं आधी उघडली, हे तिला सांगता आलं नसतं. एक. दोन. तीन! तिने हात पसरले, आणि दोन रुंद, खरखरीत तळहात तिच्या मनगटांवर थाडकन बसले.

तंबू नुसता गर्जत होता. माणसं खुर्च्यांवर उभी राहिली. पोरगी रडत होती आणि रडता रडता मॅनेजरची पाठ बडवत होती, आणि तो बिचारा हसत मार खात होता.

वर दादाच्या हातात भिंगरी झुलत होती. त्याचा उलटा चेहरा तिच्या समोर, डोळ्यांतलं पाणी कपाळाकडे वाहत होतं. कुठल्याही झेलणाऱ्याने आजवर न म्हटलेलं तो म्हणाला, "माझं चुकलं होतं गं."

"बरं, बरं! रड नंतर!" भिंगरी मोठ्याने हसली. "झोका परत येतोय माझा, आधी वेळेवर सोड!"

आणि दादाने तिला अगदी वेळेवर सोडलं.