मेणातली अंबूबाई

सावळाराम म्हणजे एक नंबरचा हेकट माणूस. उन्हाळा लागला की हा घराबाहेर रात्र काढायचा नाही, मग सख्ख्या भाचीचं लग्न का असेना. शिवऱ्याला हायवेवर हॉटेल चालवणारा त्याचा मुलगा गोरख फोन करकरून थकला. "आबा, या की हितं. एकटं काय करताय तिकडं?" उत्तर ठरलेलं. "बगू म्होरं." वेल्ह्याच्या बाजारात लोक म्हणायचे, बायको गेल्यापासून म्हातारा बिघडला. लोकांचं काय, उचलली जीभ, लावली टाळ्याला.

खरं कारण माठाखाली होतं. तिवईखालच्या गार वाळूत अंबूबाईचा कुंकवाचा करंडा आणि त्यावर ओलं फडकं. करंड्यात मेणाची छोटी वडी. तिच्या पोटात तांदळाच्या दाण्याएवढा करडा तुकडा. अंबूबाईच्या छातीतली गाठ काढली, तेव्हा तिचा तुकडा तपासणीसाठी असा मेणात बसवला होता. दुसऱ्या डॉक्टरला दाखवा, म्हणून दवाखान्यानं ती वडी सावळारामच्या हातात दिली. नंतर ती परत मागायची कुणाला आठवण राहिली नाही, आणि अंबूबाईही राहिली नाही.

राख सारोळ्याला नीरेत सोडली. लुगडी वाटली. वडी मात्र त्यानं लपवली. बायको म्हणून तेवढीच उरली होती. मेणच ते, उन्हानं वितळलं म्हणजे? म्हणून दोन उन्हाळे रोज दुपारी तो फडकं भिजवायचा आणि भिजवता भिजवता तिच्याशी बोलायचा. आंबे कुठवर आले, म्हैस आटली, असलंच काहीबाही. एरवी घर खायला उठायचं.

एक दिवस मिताली आली. मूळची भोरची, पुण्यात प्रयोगशाळेत कॅन्सरवर काम करणारी. दवाखान्याच्या जुन्या कागदांवरून तिनं त्याचा पत्ता काढला होता. तिला वडी हवी होती. सावळारामनं नकळत माठाकडं बघितलं.

तिनं मोबाईलवर फोटो दाखवला. अंबूबाईच्या गाठीचाच, दवाखान्यात राहिलेल्या काचपट्टीवरून घेतलेला. एका गोलात दुसरा गोल.

"ही एक जिवंत पेशी, आणि तिच्या आत ही दुसरी. तीही जिवंत."

"गिळली व्हय?"

"नाही आबा. काही पेशी गिळतातही, पण ही आपणहून आत शिरलीय असं आम्हाला वाटतं."

"मरायला?"

"बऱ्याचदा मरतेच. आत विरघळते, आणि तिच्यावर बाहेरची पोसते. पण कधी कधी ती आत जिवंत राहते, आतल्या आत वाढते. कधी धडधाकट बाहेरही पडते. आत दडल्यामुळे ती औषधातून वाचते का, तेच शोधतोय आम्ही. काकूंच्या गाठीत अशा पेशी फार दिसल्या."

सावळारामनं फोटोतल्या आतल्या गोलावर बोट टेकवलं. मग उठला आणि करंडा घेऊन आला. फडक्याचं पाणी टपटपत होतं.

"हे ओलं कशाला?" मितालीनं विचारलं.

"मेण हाय न्हवं. उन्हानं इतळंल."

सांगावं की नाही, असं तिचं झालं. पण पोरगी खोटं बोलणारी नव्हती.

"आबा, चहा पोळतो ना, तेवढी आग लागते याला. उन्हानं नसतं वितळलं."

सावळारामनं फडक्याची घडी घातली, मोडली, पुन्हा घातली. "दोन उनाळे म्या हितनं हाललो न्हाई," तो म्हणाला. "म्हंजी तिला माजी गरजच न्हवती." त्याला फार एकटं वाटलं. ती गेली त्या दिवशीही इतकं वाटलं नव्हतं.

मितालीनं पिशवीतून संमतीचा कागद काढला.

"काय करनार हिचं?"

"कांद्याच्या पापुद्र्याहून पातळ काप काढायचे आणि बघायचं. कदाचित काही उरणार नाही."

"फोटूतली ही आतली, एकलीच असती?"

"बहुतेक वेळा एकटीच."

त्यानं वडी करंड्यातून काढून फडक्यात गुंडाळली आणि तिच्या हातात दिली. रिकामा करंडा कोनाड्यात ठेवला. "न्या. बगा तिला. हितं माज्याबिगर कोन बगतंय?" मग कागदावर सही केली.

वेल्ह्याच्या स्टँडपर्यंत तो सोडायला गेला. एसटी लागलीच होती. चढण्याआधी मिताली नळाशी गेली, फडकं भिजवलं, पिळलं आणि वडी त्यात परत गुंडाळली. गरज नाही हे तिला ठाऊक होतं. सावळारामलाही आता ठाऊक होतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी तो सवयीनं उठला. माठातलं तांब्याभर पाणी घेतलं आणि तिवईखाली हात घातला. हाताला नुसती वाळू लागली. पाणी पिववेना, ओतवेना. तांब्या घेऊन तो तसाच भुईवर बसून राहिला.

मग त्यानं गोरखला फोन लावला.

"न्यायला ये रं," तो म्हणाला. "हितं आता कुनी न्हाई."