राणीचं हसू

राजाच्या लग्नाचं चित्रण दोघा भावांकडे आलं, पण राजवाड्याच्या आत एकाच कॅमेऱ्याला परवानगी होती. थोरला आत गेला. धाकट्याच्या वाट्याला मिरवणुकीचा रस्ता आला. स्टुलावर उभं राहून त्याने कॅमेऱ्याचा दांडा फिरवला आणि रिळात उतरलं काय, तर घोड्यांच्या शेपट्या आणि धुरळा. लहानपणापासून हे असंच. चांगलं ते आधी दादाला. हात आपलाच जास्त स्थिर, हे धाकट्याला मनोमन ठाऊक होतं, पण विचारतो कोण!

फिल्म धुवायचं काम मात्र त्याचंच. दादाचं ओलं रीळ त्याने दिव्यासमोर धरलं. सगळं आटोपल्यावर नवरीने मान वर करून थेट कॅमेऱ्याकडे पाहिलं होतं आणि खुदकन हसली होती. असं चित्र आयुष्यात एकदा मिळतं. तेही दादालाच? त्याने कात्री घेतली, तेवढा दोन हात तुकडा कापला, टोकं चिकटवली आणि तुकडा खिशात घातला.

आठवड्याने राजवाड्यात पडदा लावून खेळ झाला. तो संपल्यावर नवी राणी थोरल्याला म्हणाली, "मी तुमच्याकडे बघून हसले होते. ते दिसलं नाही."

थोरला म्हणाला, "माझीच चूक, राणीसाहेब. ऐन वेळी रीळ संपलं, नवं चढवेपर्यंत तो क्षण गेला."

राजाच्या कपाळाला आठी पडली. पुढचं काम दुसऱ्या कुणाला तरी द्या, असं त्याने कारभाऱ्याला तिथेच सांगून टाकलं.

घरी येताना धाकट्याने विचारलं, "खोटं का बोललास, दादा?"

"जोड दिसला मला. सफाईदार केलायस. तुकडा फेकला नाहीस ना?"

ना शिवी, ना थोबाडीत. दादा चिडला असता तर फिट्टंफाट झाली असती. आता मोठेपणातही तोच पुढे गेला, म्हणून धाकटा आणखीच जळला.

दुसऱ्या दिवशी थोरल्याने तुकडा जागच्या जागी बसवला आणि दोघांनी तो घरच्या भिंतीवर पाहिला. नवरीने मान वर केली, हसली.

"छान आलंय," धाकटा म्हणाला. एवढं म्हणायलाही त्याला जीभ रेटावी लागली.