खुंटांपुढच्या पाट्या

मी बोलतोय तो लोणावळ्यातल्या एका बंगल्यामागच्या खोलीतून, पत्र्याच्या पेटीच्या तळातून. माझ्यावर दोन ठेवणीतल्या साड्या घातल्या आहेत, कारण मी कुणाच्या नजरेला पडू नये अशी माझ्या मालकिणीची इच्छा आहे. मी हातात धरून खेळायचा गेम. दुकानदार मला कन्सोल म्हणायचे. या घरात मात्र मला सगळे 'आबांचा गेम' म्हणतात. नाव तेवढं राहिलंय, बाकी माझ्यात आबांचं आता काही उरलेलं नाही.

माझा जन्म कुठल्या कारखान्यात झाला ते मला आठवत नाही. तुम्हाला तरी तुमचा आठवतो का? माझं खरं आयुष्य सुरू झालं ते प्रेरणाताईंनी मला पुण्यात त्यांच्या मुलासाठी, गौरवसाठी, विकत घेतलं तेव्हापासून. गौरवनं मला दोन सुट्ट्या नुसतं पिदवलं. मारामाऱ्या, शर्यती, आणि हरला की माझ्यावरच राग. मग त्याला मिशा फुटल्या, तो कॉलेजला गेला आणि मी लोणावळ्याच्या बंगल्यात टीव्हीखालच्या खणात जाऊन पडलो. माणसं घेताना उड्या मारतात आणि टाकताना आपण टाकतोय हेसुद्धा त्यांच्या ध्यानात नसतं. याचा राग धरायचा तर आम्हा यंत्रांना दुसरं काही काम उरणार नाही, म्हणून मी धरला नाही.

मला खणातून बाहेर काढलं ते आबांनी. आबा म्हणजे महिपतराव, प्रेरणाताईंचे वडील. जन्म आंदर मावळातल्या डोंगराकडेच्या गावात, पण लहानपणीच शिकायला पुण्याला गेले ते तिथलेच झाले. बायको वारल्यावर बंगल्यावर येऊन राहिले. नातवाच्या गेमांमध्ये त्यांना शेतीचा एक गेम सापडला. पडीक जमीन, एक झोपडी, एक ओढा आणि कुऱ्हाड-फावडं घेतलेला एवढासा माणूस. चष्मा कपाळावर चढवून आबा म्हणाले, "चला, म्हातारपणी का होईना, जमीन मिळाली."

तोवर आबांचं विसरणं सुरू झालं होतं. आधी चष्मा, मग वार, मग माणसं. हे सगळ्यात आधी मला कळलं, कारण त्यांची बोटं माझ्या बटणांवर येऊन थांबून राहायची. मग त्यांनी एक युक्ती काढली. गेममधल्या ओढ्याच्या काठानं त्यांनी झाडांची रांग लावली आणि प्रत्येक झाडापुढे एक पाटी रोवली. पाटीवर इंग्रजी अक्षरांत आपल्या माणसाचं नाव. बायकोचं इंदू, मग प्रेरणा, मग गौरव, मग भावांची, मित्रांची. सकाळी चहा झाला की तो एवढासा माणूस काठानं चालायचा आणि आबा पाट्या मोठ्यानं वाचायचे. त्यानंतर प्रेरणाताईंचा फोन आला की आबा बरोबर म्हणायचे, "बोल प्रेरणा." ताईंना वाटायचं वडील अगदी ठणठणीत आहेत.

बंगल्याची देखभाल करायला मागच्या खोलीत सविता आणि तिचा नवरा मारुती राहायचे. तो बाग बघायचा, ती घर बघायची आणि आबांची भाकरी करायची. तीही आंदर मावळातलीच, त्यामुळे आबांचं तिच्याशी जमायचं. दुपारी ते तिला ओट्यावर बसवून माझ्यातलं शेत दाखवायचे. "हे बघ सविता, या गड्याला झोपवल्याशिवाय मशीन बंद करायचं नाही. तो झोपला की दिवस जमा होतो. तसंच बंद केलं तर दिवसभराचं काम वाया." सविता मान डोलवायची. तिला हे पटकन पटलं, कारण काम अर्धवट टाकून उठणं तिच्या रक्तातच नव्हतं.

मग आबा न्हाणीघरात पाय घसरून पडले आणि ताई त्यांना पुण्याला घेऊन गेल्या. गाडीत बसता बसता आबांनी मला सविताच्या हातात दिलं. "शेत बघ गं," एवढंच म्हणाले.

तिनं बघितलं हो. अगदी मनापासून बघितलं. बंद बंगल्याचे नळ जसे आठवड्यातून एकदा सोडायचे, गाडीचं इंजिन जसं चालू करून ठेवायचं, तसंच तिनं मलाही आपल्या कामात धरलं. दुपारची भांडी झाली की ती मला घेऊन बसायची. तण काढायची, कोंबड्यांना दाणे टाकायची, गड्याला झोपवायची आणि मग मला बंद करायची. मारुती हसायचा. "बंगला लोकाचा, बाग लोकाची, आता ह्ये शेतबी लोकाचंच," म्हणायचा. पण तिला मजा येत होती. आबांच्या वेळेपेक्षा ते शेत देखणं झालं होतं, आणि माझीही मान ताठ झाली होती.

मग गेममध्ये हिवाळा आला. शेत मोकळं पडलं. सविताच्या डोक्यात आलं की आता राबाची वेळ झाली. आंदर मावळात भाताचं रोप जिथं टाकायचं ती जागा आधी भाजून घेतात. त्यासाठी ऐनाच्या झाडांच्या फांद्या उतरवून त्या जागेवर पसरतात, वर शेण-पालापाचोळा टाकतात आणि पेटवतात. ऐन त्यानं मरत नाही. पाऊस पडला की परत फुटतो, परत पुढच्या साली उतरवायचा. तिच्या माहेरी हे पिढ्यान् पिढ्या चालत आलेलं. तिनं ओढ्याकाठची भरगच्च रांग बघितली. पाट्या होत्या, पण तिला वाटलं बागेत लावतात तशी ती झाडांची नावं असतील. इंग्रजी अक्षरं जुळवत बसायचा तिला कंटाळा. तिनं कुऱ्हाड काढली.

पहिलं झाड धाडकन आडवं झालं. ती दचकली. तिला फांद्याच हव्या होत्या. पण ती स्वतःशीच म्हणाली, "गेमात आसंच दाकवत आसतील. खुंट हाय की खाली. फुटंल." आणि ती पुढच्या झाडाकडे गेली, मग त्याच्या पुढच्या. सगळी रांग उतरवली. मग लाकडं गोळा करून पेटवायला विस्तव शोधत बसली. तो त्या गेममध्ये नव्हताच.

मला काय झालं असेल तुम्हीच सांगा. माझ्या पोटात सकाळचं शेत अजून जसंच्या तसं होतं, प्रत्येक झाडासकट. तिनं त्या क्षणी मला नुसतं बंद केलं असतं, चिडून फेकलं असतं, तरी रांग वाचली असती. पण सविता चांगल्या वळणाची बाई. तिनं गड्याला घरी नेलं, गादीवर झोपवलं, दिवस जमा झाल्याची खूण येईपर्यंत वाट बघितली आणि मग मला पुसून ठेवलं. आबांनी शिकवलं होतं ना. आणि मी मुकाट्यानं जमा केलं.

गेममधला पाऊस आला. ती रोज जाऊन खुंट बघायची. कुठं काही फुटेना. पाऊस सरला तेव्हा तिनं खुंट बघायचं सोडून दिलं, आणि मला हातात घेणंही कमी केलं.

एक दिवस ताईंचा फोन आला. सविताच्या हातात मी होतो, चार्जिंगला लावत होती. "सविता, आबांना कुणाची नावंच आठवत नाहीयेत गं. एकच धोशा लावलाय, ओढ्याकाठी लिहून ठेवलीत म्हणून. आत्ता कुठं माझ्या डोक्यात प्रकाश पडला, ते गेमबद्दल बोलतायत. मी त्यांना मोठ्या स्क्रीनचा नवा घेतलाय. शनिवारी आम्ही येतो, तुझ्याकडच्यातलं सगळं त्याच्यात हलवून घेऊ."

सवितानं फोन ठेवला. तिनं मला चालू केलं, गड्याला ओढ्यावर नेलं आणि पहिल्यांदाच एकेक अक्षर लावत पाट्या वाचल्या. दुसऱ्या पाटीवर पी, आर, ई. बोटानं हवेत गिरवून बघितलं. पुढचं वाचायची गरज उरली नव्हती, तरी तिनं सगळ्या वाचल्या.

मारुतीला सांगितलं तर तो म्हणाला, "त्यात काय? पान्यात पडला म्हनावं. इशय संपला." तिनं मला उचललं, मोरीपर्यंत नेलं, भरलेल्या बादलीवर धरलं. खरं सांगतो, मीही मनातून म्हणत होतो, सोड. तिचीही सुटका आणि माझीही. पण बादलीवर नुसतं धरून ती कितीतरी वेळ उभी राहिली आणि मग मला परत आणून चार्जिंगला लावलं. "न्हाई जमायचं मला," म्हणाली. "ताई आल्या की सांगून टाकीन."

शनिवारी ताई आणि आबा आले. आबा वाळले होते. सविताकडे बघून ओळखीचं हसले, पण ती कोण ते त्यांना सांगता आलं नसतं. ताईंनी मला आणि त्या नव्याला टेबलावर शेजारी शेजारी ठेवलं. तो नवा माझ्याहून रुंद, चकचकीत. दोघांना वायरी लावल्या. माझ्या पडद्यावर सूचना आली: सगळं नव्या यंत्रात जाईल, या यंत्रातून पुसलं जाईल, पुढे जायचं का? ताईंनी बटणावर बोट ठेवलं आणि सहज मागे वळून विचारलं, "सगळं नीट आहे ना गं त्यात?"

सविता दारात उभी होती. हीच वेळ होती. तिनं तोंड उघडलं, आणि "व्हय ताई" म्हणाली.

ताईंनी बटण दाबलं. पट्टी हळूहळू भरत गेली. माझ्यातून कोंबड्या गेल्या, झोपडी गेली, ओढा गेला. खुंट गेले, पाट्या गेल्या. चांगलं तेवढं द्यावं आणि वाईट आपल्यापाशी ठेवून घ्यावं, अशी सोय आमच्यात नाही.

आबांनी नवा गेम मांडीवर घेतला. बोटं आपोआप चालायला लागली. गडी ओढ्यावर आला. "इंदू," आबांनी वाचलं आणि खुंटाकडे बघून म्हणाले, "हो. इंदू गेली, ते ठाऊक आहे मला." गडी पुढे सरकला. "प्रेरणा." आबा थांबले. खुंटाकडे बघत राहिले. मग पुढची पाटी, मग त्याच्या पुढची. त्यांनी गेम मांडीवरच उपडा केला.

"प्रेरणा कधी गेली?" ते म्हणाले. "आणि पोरगं? मला कुणी सांगितलंसुद्धा नाही."

"आबा, मी इथंच आहे. ही काय मी," ताईंनी त्यांचा हात धरला.

आबांनी अदबीनं हात सोडवून घेतला. "तुम्ही कोण, बाई? माझी मुलगी गेलीय हो." आणि ते रडायला लागले. ताई समजावत होत्या, फोटो दाखवत होत्या. ते ऐकेनात. खुंट समोर दिसत होता त्यांना.

सविता दारातून आत आली आणि त्यांच्या पायाशी जमिनीवर बसली. "आबा, कुनी गेलं न्हाई. झाडं मी तोडली. राबाला म्हनून तोडली."

आबांनी मान वर केली. "राबाला?"

"व्हय."

"अगं मग फांद्या उतरवायच्या असतात. बुडातून कोण तोडतं?"

"चुकलं माजं."

"प्रेरणा आहे म्हणजे?"

"हाय आबा. तुमच्या शेजारीच हाय. गौरवबी हाय."

"अक्कल नाही तुला," आबा म्हणाले आणि त्यांचा जीव खाली पडला. डोळे पुसून त्यांनी चहा मागितला. चहा पिऊन झाल्यावर त्यांनी गेम परत उघडला, पाटी वाचली आणि विचारलं, "प्रेरणा कधी गेली?"

सविता परत त्यांच्या पायाशी बसली. त्या दिवशी ती कितीदा बसली ते मी मोजलं नाही. ताईंनी सांगितलेलं त्यांना खरं वाटायचं नाही. जिनं तोडली तिनंच कबूल केलं, तर खरं वाटायचं. ताईंनी नवी झाडं लावून बघायचं ठरवलं, पण आबा गेम कुणाच्या हातात देईनात, कुऱ्हाडीला तर हात लावू देईनात.

निघताना ताई सविताला म्हणाल्या, "तुझ्या हातून चूक झाली, ते मी समजू शकते. पण मी तुला विचारलं होतं ना गं?" मग ताईंनी मला टेबलावरून उचललं आणि तिच्या हातात ठेवलं. "हा आता रिकामाच आहे. तुझ्याकडेच राहू दे." त्यात टोमणा नव्हता, म्हणून ते जास्त लागलं. तिला नाही म्हणता येईना आणि घेताही येईना.

तेव्हापासून मी पेटीत आहे. माझ्यात जागा भरपूर आहे. म्हणाल तर नवं शेत मांडता येईल. पण ती मला चालू करत नाही, आणि करावं असं तिला सांगायला मला तोंड नाही. मलाही लाज वाटते, खोटं कशाला सांगू. तिनं निदान एकदा बादलीवर धरून विचार तरी केला. मी तर सांगितलं ते जमा केलं आणि मागितलं ते देऊन टाकलं.

पुण्याहून फोन येतो तो तिला ऐकू येतो तसा मलाही येतो. ताई जास्त बोलत नाहीत. "सविता, परत," एवढं म्हणतात आणि फोन आबांना देतात. मारुती म्हणतो, नको उचलूस, तूच का म्हनून रोज आपली अब्रू काढून घ्यायची. काल फोन आला तेव्हा तिची जाऊ भागुबाई गावाहून आली होती, समोरच तांदूळ निवडत बसली होती. फोन वाजत राहिला. बाहेर जाता आलं असतं, पण बाहेर फोनला रेंज नसते.

तिनं उचलला. "आबा, मी सविता. झाडं मी तोडली. कुनी गेलं न्हाई, समदी जित्ती हायेत."

सुपातला आवाज थांबला. "कुनाची झाडं तोडलीस गं?" भागुबाईनं विचारलं. सवितानं 'श्श' करून तिला थांबवलं, कारण फोनवर आबा बोलायला लागले होते. आवाज म्हातारा आणि मोठा होता, पेटीतसुद्धा स्वच्छ ऐकू आला.

"तू तोडलीस होय? बरं झालं गं बाई. बरं झालं, तूच तोडलीस."