यिरमाचा डावा कान

मेण ओतून झालं आणि मेणकऱ्यानं यिरमाच्या पाठीमागे तांब्याची परात दगडावर आपटली. तिला आवाज आला होता. उजव्या कानात सगळं सामसूम होतं, पण डाव्या कानात मेण थिजताना कुठेतरी फट राहिली असावी. ती दचकली नाही, कारण चटक्यानं तिचं अंग आधीच लाकडासारखं ताठ झालं होतं.

"बसलं," मेणकरी लोकांकडे वळून म्हणाला. "खालच्याला कान मिळाला."

उर्केनच्या डोंगरात देव खाली, दगडाच्या पोटात राहतो आणि त्याला स्वतःचे कान नाहीत. म्हणून हिवाळाभर गावातलं एक माणूस त्याचा कान होतं. बर्फ पडायच्या आधी पोळं उठवतात. पहिली माशी ज्याच्या अंगावर बसेल, त्याचे कान मेणानं भरतात आणि त्याला दगडी खड्ड्यात बसवतात. लोक येऊन त्या कानांत आपापली पापं सांगतात. सांगितलेलं पाप सरळ खाली जातं, सांगणारा मोकळा होतो. पण कानानं ते ऐकलं, तर पाप तिथेच अडकतं आणि ऐकणाऱ्याचं होतं. मग त्याचं तोंडही भरतात, नाकही. यिरमानं लहानपणी तसा एक माणूस पाहिला होता. त्याला वर काढलंच नव्हतं, नुसती माती लोटली होती.

आता 'अजून थोडं मेण घाला' असं तरी कुठल्या तोंडानं म्हणायचं?

लोक येऊ लागले. समोरच्या दगडावर शेवाळाचा एक डाग होता, त्याच्यावर तिनं नजर खिळवली. कुणी शेजाऱ्याचं कोकरू कापून खाल्लं होतं. जिच्याबरोबर ती ओढ्यावर खिदळायची, त्या बाईनं सांगितलं, "बहिणीचं बाळ रडत होतं. मी दाराशीच उभी होते. ते रडायचं थांबेपर्यंत आत गेले नाही." सांगून झाल्यावर बाईनं यिरमाची शाल मायेनं नीट केली. यिरमाच्या अंगावर काटा आला आणि तो दिसू नये म्हणून तिनं हात शालीखाली घेतले.

एका दुपारी तिचा नवरा ओदान आला. बराच वेळ टोपी हातात चुरगाळत बसला, मग डाव्या कानाशी वाकला.

"यिरमा, माशी आधी माझ्यावर बसली होती. मी मान झटकली, तेव्हा ती तुझ्या खांद्यावर गेली. मला मेणाची फार भीती वाटते गं."

त्यानं नाक पुसलं, तिच्या गुडघ्यावर थोपटलं आणि तो वर चढला. जाताना काहीतरी गुणगुणत होता. यिरमा शेवाळाकडे बघत राहिली.

मेणकरी मधूनमधून परात आपटून कान तपासायचा. पण एके दिवशी त्यानं परात आणली नाही. जवाची पेज आणली, समोर उकिडवा बसला आणि तिच्या डोळ्यांत डोळे घालून सावकाश म्हणाला, "तुझी पोर नेशी कड्यावरून घसरली. सकाळी सापडली."

घोंगडीखाली तिच्या पायाची बोटं मातीत रुतली. मेणकऱ्यानं वाडगं पुढे केलं, खा म्हणून खूण केली. तिनं वाडगं घेतलं. तो तिच्या गळ्याकडे बघत होता. तिनं घोट घेतला, गिळला, पुन्हा घेतला. वाडगं रिकामं झालं तेव्हा तो उठला.

खरं होतं की परीक्षा? पोरांना खड्ड्याजवळ येऊ देत नसत, त्यामुळे नेशी दिसायची सोयच नव्हती. माणसं आली, आपापलं सांगून गेली. नेशीचं नाव कुणी काढलं नाही. पण मेलेल्या पोराचं नाव उर्केनमध्ये तसंही कुणी काढत नाही.

उन्हं उतरताना तिची सासू ताशेल काठी टेकत खाली आली. आधी उजव्या कानाशी पुटपुटली. मग यिरमाच्या चेहऱ्याकडे निरखून बघत डावीकडे सरकली.

"नेशी घरी आहे. सकाळपासून लोण्यासाठी माझं डोकं खातेय. मी कान झाले तेव्हा मलाही बाप मेला म्हणून सांगितलं होतं, मीपण पेज प्यायले होते. मेण कुणाच्याच कानात नीट बसत नाही, मेले. डोळ्याला हात लावू नकोस, मेणकरी वरून बघतोय."

यिरमाला तिच्या कुशीत पडून हंबरडा फोडावासा वाटला. आणि त्याच क्षणी मनात आलं, म्हातारीला त्यानंच पाठवलं असेल तर? तिनं पापणीसुद्धा हलवली नाही.

ताशेलनं काठी उचलली. "शहाणी आहेस," म्हणाली आणि कण्हत वर गेली.

बर्फ वितळेपर्यंत यिरमाला झोप अशी लागलीच नाही. शेवटी कोमट तेल घालून मेण काढलं. मेणकऱ्यानं सगळ्यांसमोर विचारलं, "काय ऐकलंस?"

"पाणी," ती म्हणाली. "दगडाखालचं पाणी."

गर्दीतून दात पडलेली नेशी धावत आली आणि यिरमा जमिनीवर बसून ओक्साबोक्शी रडली. कुणाला काही वाटलं नाही; कान मोकळे झाले की सगळेच रडतात.

घराकडे जाताना नेशी आजीचा हात धरून पुढे पळाली. यिरमा ओदानजवळ येऊन म्हणाली, "माझा डावा कान उघडा होता."

ओदान जागच्या जागी थांबला. मागे उतारावर मेणकरी हात धूत होता, हाकेच्या अंतरावर.

"बोलव ना त्याला," यिरमा म्हणाली. "सांग."

त्यानं टोपी काढून हातात चुरगाळली. ती पुढे निघाली. पाठीमागून हाक येते का, म्हणून घराच्या उंबऱ्यापर्यंत कान देऊन चालत राहिली. हाक आली नाही. त्या दिवसापासून तिनं अंथरूण सासूच्या शेजारी घातलं, आणि ओदाननं कधी कारण विचारलं नाही.