दुसऱ्यांदा लावलेलं दार

नोआक आजोबांनी दार ओढून घेतलं, किल्ली फिरवली आणि नेमकं तेव्हाच डोक्यावरून विमान गेलं. आवाज टिपणाऱ्या डेटलेफनं कानांवरचे हेडफोन काढून मान हलवली. आमच्या धंद्यात याचा अर्थ एकच, आवाज बिघडला, पुन्हा घ्यायचं.

"आजोबा, परत एकदा कराल का?" आल्मुट सवयीनं बोलून गेली. "आत जा, बाहेर या, दार लावा."

तीस वर्षं ती टीव्हीसाठी माहितीपट करत होती. बंद पडलेले कारखाने, पुरात बुडालेली गावं, सगळीकडे पुढे ती आणि मागे कॅमेरा घेऊन मी. साध्या माणसांना ती बोलतं करायची आणि मग त्यांना परत चालायला, परत कॉफी ओतायला लावायची. कुणी कधी नाही म्हटलं नाही. आमची माणसं टीव्हीवाल्यांपुढे फार शहाण्यासारखी वागतात. हा तिचा निवृत्तीआधीचा शेवटचा माहितीपट. पूर्व जर्मनीत लाउझित्समधलं हे गाव कोळशाच्या खाणीनं गिळलं होतं, उरलं होतं ते आजोबांचं घर. कोर्टात हरल्यावर त्यांनी तिला एकच गोष्ट सांगितली होती, की मला कुणी ओढून काढायला नको, दार मीच लावीन.

आणि ते लावून झालं होतं. आजोबांनी निमूटपणे दार उघडलं, ते आत गेले, पण बाहेर येईनात.

आम्ही आत गेलो. रिकाम्या स्वयंपाकघरात ते जमिनीवर बसले होते.

"बाई, एकदाचंच बळ होतं माझ्याकडे," ते म्हणाले. "फार दिवस जमवलं होतं. आता पाय उचलत नाहीत."

मंत्र्यांना घाम फोडणारी ही बाई, पण ती त्यांच्यासमोर जमिनीवरच बसली. आधीचं चालेल, परत नको, असं काहीतरी ती पुटपुटली. पण बूंद से गयी वो हौद से नहीं आती. तोवर पोलिसांची गाडी आली. आल्मुटनं त्यांच्या साहेबाची किती विनवणी केली. माणूस वाईट नव्हता, पण दुपारपर्यंत घर पाडायचा हुकूम होता आणि त्याचेही हात बांधलेले. मला भयंकर राग आला होता, तो काढायचा कुणावर तेच कळत नव्हतं. मी कॅमेरा गाडीत नेऊन ठेवला.

दोघा पोलिसांनी आजोबांना काखेत हात घालून उठवलं. उंबऱ्याशी त्यांनी ते हात बाजूला सारले. बाहेर येऊन दार ओढलं. किल्ली काही केल्या भोकात जाईना. आम्ही सगळे उभ्या उभ्या बघत राहिलो. शेवटी किल्ली फिरली.

आजोबांनी कोट सारखा केला आणि ते आल्मुटकडे वळले.

"आता नीट आलं का, बाई?"

तिनं माझ्या रिकाम्या हातांकडे पाहिलं.

"हो," ती म्हणाली. "अगदी नीट."